शिकाऊ उमेदवाराची जागा आणि राज्यमंत्र्याची खुर्ची
(देगलूर येथे तरुण कामगार व विद्यार्थ्यांच्या सभेत केलेले भाषण)



सभेच्या चालकांनी मला विषय नेमून दिला तो असा : शिकाऊ उमेदवारी व कौशल्यप्रशिक्षण या खात्याचा कारभार ज्या राज्यमंत्र्याकडे असतो, त्याने नेमके काय करावयाचे असते? हा विषय ऐकून माझे काही मित्र हसले. राज्यमंत्री म्हणजे फीत कापणारा व नारळ फोडणारा मंत्री, त्याच्यावर तासभर काय बोलणार, असे त्यांचे म्हणणे. त्यांच्या हसण्याचा मला राग आला नाही. परंतु त्या हसण्यात नुकसान आपले आहे. ज्या अधिकाऱ्याला अधिकारच नाही असे आपण मानतो, त्याला आपण काही विचारीत नाही. आणि ज्याला कोणी काही विचारीत नाही, तो काही करीतही नाही. यास्तव या खुर्चीचा अधिकार किती व कोठे आहे, हे आज कायद्याच्या अंगाने पाहण्याचे मी योजिले आहे.

भारतीय संविधानाच्या ७५ व्या अनुच्छेदात केंद्रातील मंत्र्यांची आणि १६४ व्या अनुच्छेदात राज्यांतील मंत्र्यांची नेमणूक सांगितली आहे. या दोन्ही अनुच्छेदांत ‘राज्यमंत्री’ हा शब्द तुम्हांला सापडावयाचा नाही. तेथे मंत्री आहे आणि मंत्रिपरिषद आहे. विधिमंडळाला द्यावयाचा जबाब सर्वांचा मिळून एक आहे. थोरला मंत्री आणि धाकटा मंत्री हा भेद पुढे कामाच्या वाटणीने पडला. आणि ती वाटणी ७७ व १६६ या अनुच्छेदांखाली केलेल्या कार्यनियमांनी होते. ज्या राज्यमंत्र्याला ‘स्वतंत्र कार्यभार’ असतो त्याच्या डोक्यावर दुसरा मंत्री नसतो. खात्याची फाइल त्याच्या सहीने चालते. ज्याला तो नसतो, त्याने थोरल्या मंत्र्याने सोपविलेले विषय पाहावयाचे. म्हणजे एकाच नावाच्या दोन खुर्च्या, पण एकीला चारही पाय आहेत आणि दुसरीचा एक पाय शेजारच्या दालनात आहे.

केंद्रात या विषयाचे स्वतंत्र मंत्रालय २०१४ च्या नोव्हेंबरात झाले. राजीव प्रताप रूडी यांच्याकडे ते राज्यमंत्री या नात्याने स्वतंत्र कार्यभारासह आले. २०१५ च्या एप्रिलात प्रशिक्षण व शिकाऊ उमेदवारी हे विषय श्रम मंत्रालयातून काढून या नव्या मंत्रालयास जोडले गेले. जून २०२४ मध्ये हाच स्वतंत्र कार्यभार जयंत चौधरी यांना मिळाला. २६ मे २०२५ रोजी केंद्रीय शिकाऊ उमेदवारी परिषदेची अडतिसावी बैठक त्यांच्या अध्यक्षतेखाली झाली आणि शिकाऊ उमेदवारांचे विद्यावेतन, जे २०१९ पासून दरमहा ५,००० ते ९,००० रुपये होते, ते ३६ टक्क्यांनी वाढवून ६,८०० ते १२,३०० करावे अशी शिफारस परिषदेने केली. ज्यांना राज्यमंत्री हा केवळ फीत कापणारा वाटतो, त्यांनी ही बैठक ध्यानात ठेवावी. एका राज्यमंत्र्यापुढील टेबलावर देशातील लक्षावधी पोरांच्या भाकरीचा आकडा ठरत होता.

आता महाराष्ट्राकडे वळू. मराठवाड्याला या खात्याची ओळख नाही असे म्हणता येत नाही. आपल्या नांदेडचे डी. पी. सावंत हे २०१० नंतरच्या मंत्रिमंडळात उच्च व तंत्रशिक्षण खात्याचे राज्यमंत्री होते, आणि त्या काळी औद्योगिक प्रशिक्षण संस्था त्याच खात्याखाली येत. शेजारच्या निलंग्याचे संभाजीराव पाटील निलंगेकर हे २०१६ मध्ये कौशल्य विकास खात्याचे मंत्री झाले, ते तर पूर्ण दर्जाचे. त्यानंतरच्या मंत्रिमंडळात २०२० साली शंभूराज देसाई यांच्याकडे कौशल्य विकासाचे राज्यमंत्रिपद होते. परंतु त्याच्या सोबतीला गृह (ग्रामीण), वित्त, नियोजन, राज्य उत्पादन शुल्क आणि पणन ही खातीही होती. व्यक्तीचा यात दोष नाही. पण दारूच्या परवान्यापासून अर्थसंकल्पापर्यंत ज्याला धावावयाचे आहे, त्याच्या दिवसात आयटीआयच्या मोडक्या लेथला किती मिनिटे येणार? जून २०२२ ते डिसेंबर २०२४ या काळात तर राज्यात एकही राज्यमंत्री नव्हता. डिसेंबर २०२४ मध्ये सहा नेमले गेले; आणि जुलै २०२५ मध्ये सामाजिक न्याय खात्याचे मंत्री संजय शिरसाट व राज्यमंत्री माधुरी मिसाळ यांच्यात, राज्यमंत्र्याने खात्याची आढावा बैठक परस्पर घ्यावी की नाही, यावरून झालेला पत्रव्यवहार वर्तमानपत्रांतून सर्वांनी वाचला. ज्या खात्यावर आपल्या मुलांच्या शिष्यवृत्त्या व वसतिगृहे अवलंबून आहेत, त्या खात्यात बैठक कोणी बोलवावी हाच वाद व्हावा, याचे मला वाईट वाटले. तरीही त्या वादातून एक गोष्ट उघड झाली. बैठक हे शस्त्र आहे, नाहीतर त्यासाठी कोणी भांडले नसते.

बैठक बोलावणे, फाइल मागवणे आणि सभागृहात उत्तर देणे, एवढे तर कोणत्याही राज्यमंत्र्याजवळ असते. त्यांतील शेवटचे मला सर्वांत मोलाचे वाटते. अधिकाऱ्याने आपणांस तोंडी सांगितलेले हवेत विरते. परंतु राज्यमंत्र्याने विधानसभेत ‘चौकशी करून कारवाई करू’ असे म्हटले, की ते छापले जाते, ते आश्वासन ठरते, आणि आश्वासनांचा पाठपुरावा करण्यासाठी विधिमंडळाची समिती असते. मग राज्यमंत्र्याला प्रश्न कोणता विचारावयाचा, एवढेच उरते. तो प्रश्न समजण्यासाठी आपणांस थोडे मागे जावे लागेल.

आपल्या पूर्वजांना काम कमी होते असे नाही. काम डोंगराएवढे होते. त्यांना नाकारली गेली ती कसब शिकण्याची जागा. गावात सुताराचा पोरगा बापाच्या हाताखाली सुतार झाला, लोहाराचा लोहार झाला. त्यांची शिकाऊ उमेदवारी घरातच झाली. महाराच्या पोराने काय शिकावे? सांगावा पोहोचवणे, ढोरे ओढणे, वेशीची राखण. पुढे मुंबईत गिरण्या आल्या. यंत्राला जात नसते, असे लोक म्हणत. परंतु गिरणीतही विणकामाच्या खात्यात, जेथे पगार अधिक मिळे, अस्पृश्यांना प्रवेश नव्हता. कारण असे की, धोट्यातील धागा तोंडाने ओढावा लागे, आणि अस्पृश्याच्या तोंडचा धागा स्पृश्य विणकराला चालत नसे. १९२८-२९ च्या संपांच्या काळात बाबासाहेबांनी हा प्रश्न उघडपणे मांडला, तेव्हा मजूर चळवळीतील कित्येकांची अडचण झाली. या उदाहरणात आपला सगळा विषय आहे. यंत्र होते, गिरणी होती, मजूर होते, संघटनाही होती. फक्त साच्याजवळ उभे राहून शिकण्याची एक जागा अस्पृश्य तरुणाला नव्हती.

आणि म्हणूनच जुलै १९४२ मध्ये बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सभासद झाले, तेव्हा त्यांनी काय केले हे पाहणे अगत्याचे आहे. युद्धाचा काळ होता. कारखान्यांना कारागीर हवे होते. सरकारच्या तांत्रिक प्रशिक्षणाच्या योजना चालू होत्या. विलायतेचे मजूर मंत्री अर्नेस्ट बेव्हिन यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या योजनेखाली हिंदी तरुण इंग्लंडात शिकावयास जात होते. खुर्चीवर बसून तीन महिने होतात न होतात, तोच २९ ऑक्टोबर १९४२ रोजी बाबासाहेबांनी व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांना अस्पृश्यांच्या गाऱ्हाण्यांचे निवेदन दिले. त्यात कायदेमंडळातील जागा आहेत, नोकऱ्या आहेत, उच्च शिक्षणाचे साहाय्य आहे. ते आपण नेहमी सांगतो. परंतु त्याच निवेदनात तांत्रिक शिक्षणाचा भाग आहे, आणि तेथे त्यांनी सरकारी छापखाने व रेल्वेचे कारखाने या दोन जागा बोट ठेवून दाखविल्या : येथे आमची मुले शिकाऊ म्हणून घ्या. रेल्वेचे खाते त्यांच्याकडे नव्हते. ‘हा माझा विषय नाही’ असे म्हणून ते मोकळे झाले नाहीत. १९४३ च्या ऑगस्टात केंद्रीय नोकऱ्यांत अस्पृश्यांसाठी आठ पूर्णांक एकतृतीयांश टक्के जागा राखण्याचा हुकूम निघाला, तोही याच खटपटीचा भाग. अर्थात त्या वेळी देगलूर निजामाच्या राज्यात होते. दिल्लीचा तो हुकूम मांजरा ओलांडून आपल्या आजोबांपर्यंत आला नाही. मराठवाड्याचा हा उशीर आजही मोजावा लागतो.

स्वातंत्र्यानंतर शिकाऊ उमेदवार अधिनियम १९६१ साली झाला. त्याआधी १८५० चा एक कायदा होता. अनाथ व गरीब पोरे न्यायाधीशाच्या हुकमाने मालकाकडे बांधून देण्याचा. नव्या कायद्यात बांधून देणे गेले, करार आला. मालकावर शिकवण्याची जबाबदारी आली, विद्यावेतन आले. पण प्रारंभीच्या त्या कायद्यात आपल्यासाठी राखीव जागा नव्हती. १९७३ च्या दुरुस्तीने कलम ३-अ घातले गेले आणि प्रत्येक निर्देशित व्यवसायात अनुसूचित जाती व अनुसूचित जमाती यांच्यासाठी प्रशिक्षणाच्या जागा मालकाने राखल्या पाहिजेत, असे ठरले. मालकाने, हा शब्द नीट ऐका. सरकारी नोकरीतील आरक्षणाची चर्चा आपण उठता-बसता करतो. खाजगी क्षेत्रात आरक्षण हवे म्हणून ठराव करतो. आणि खाजगी कारखानदारावरही बंधनकारक असलेली राखीव जागा, ती शिकाऊ उमेदवाराची का असेना, कायद्याच्या पुस्तकात पन्नास वर्षे पडून आहे, हे आपल्या दहा सुशिक्षितांपैकी एकालाही ठाऊक नसते.

आता या कलमाच्या खाली एक स्पष्टीकरण आहे. अनुसूचित जाती म्हणजे संविधानाच्या ३६६ व्या अनुच्छेदात सांगितलेल्या अनुसूचित जाती. हे स्पष्टीकरण निरुपद्रवी दिसते. पण १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाप्रमाणे अनुसूचित जातीचा मनुष्य प्रथम हिंदूच असावा लागे, १९५६ नंतर शीखही चालला; बौद्ध मात्र चालला नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरास ज्यांनी धम्मदीक्षा घेतली आणि त्यांच्या मागून ज्या लक्षावधींनी घेतली, ते केंद्राच्या दृष्टीने त्या यादीतून बाहेर पडले. महाराष्ट्र सरकारने आपल्या हातातील सवलती नवबौद्धांना दिल्या, हे खरे. परंतु शिकाऊ उमेदवार अधिनियम हा संसदेचा कायदा. कायद्याच्या अक्षराप्रमाणे पाहिले तर १९७३ मध्ये उघडलेले ३-अ चे दार बौद्ध तरुणाला १९९० पर्यंत, म्हणजे सतरा वर्षे, बंद होते. १९९० साली संसदेने आदेशात दुरुस्ती केली आणि बौद्धांना अनुसूचित जातींचा दर्जा दिला, तेव्हा ते उघडले. धर्मांतराची किंमत आपल्या लोकांनी कोणकोणत्या रूपात मोजली याचा हिशेब मांडताना शिष्यवृत्ती आणि नोकरी यांच्या जोडीला लेथजवळची ही जागाही मांडली पाहिजे. ज्यांनी जुन्या जातीचा दाखला जवळ ठेवून दोन्हीकडे पाय ठेवले, त्यांना मी नावे ठेवीत नाही. पोट हा मोठा वकील आहे. पण ज्यांनी ‘बौद्ध’ असे लिहिले आणि कारखान्याच्या दारातून परत आले, त्यांची आठवण ठेवा.

दार उघडले म्हणजे आत जागा मिळाली, असे होत नाही. राखीव जागांचे प्रमाण राज्यातील लोकसंख्येला धरून ठरते. २०११ च्या शिरगणतीत महाराष्ट्रात अनुसूचित जाती ११.८ टक्के होत्या. नांदेड जिल्ह्यात त्या सुमारे १९ टक्के. म्हणजे ज्या जिल्ह्यात आपण अधिक, तेथे जागा राज्याच्याच मापाने. हे एक. दुसरे अधिक गंभीर आहे. कलम ३-अ ‘निर्देशित व्यवसाय’ असा शब्द योजते. २०१४ च्या दुरुस्तीने ‘ऐच्छिक व्यवसाय’ नावाचा नवा वर्ग कायद्यात आणला. व्यवसाय कोणता, त्याचा अभ्यासक्रम कोणता, हे मालक ठरवणार. दुकाने, हॉटेले, गोदामे, कार्यालये यांत शिकाऊ उमेदवारी पसरली ती बव्हंशी या वाटेने. मालकाने आपल्या मर्जीने काढलेल्या या व्यवसायांत राखीव जागेचे बंधन लागू आहे काय? वकील म्हणून मी दोन्ही बाजूंनी युक्तिवाद करू शकेन. पण हा प्रश्न वकिलांच्या युक्तिवादावर सोडण्याचा नाही. केंद्रातील राज्यमंत्र्याने परिषदेपुढे ठेवून त्याचा निकाल लावावा. एका ओळीच्या दुरुस्तीचे काम आहे.

मालकाने जागा भरल्याच नाहीत तर काय? पूर्वी कारावासाची तरतूद होती; २०१४ मध्ये ती गेली आणि दंड आला. कमी पडलेल्या प्रत्येक जागेमागे पहिले तीन महिने दरमहा ५०० रुपये, त्यानंतर दरमहा १,०००. आता तुम्ही व्यापाऱ्याच्या डोक्याने विचार करा. उमेदवार घेतला तर महिन्याला किमान पाच हजार. न घेतला तर हजार. देगलूरच्या मोंढ्यातील कोणत्याही अडत्याला विचारा, तो कोणता हिशेब पत्करील? तीस व त्याहून अधिक माणसे असलेल्या प्रत्येक आस्थापनेने आपल्या मनुष्यबळाच्या अडीच ते पंधरा टक्के शिकाऊ घेतले पाहिजेत, असे नियम सांगतात. आणि त्याच कायद्याचा दंड, न घेणाऱ्याची पाठ थोपटतो. शिवाय हा दंड बसवण्यासाठी कोणी तपासणीस गेले पाहिजे. कलम २९ प्रमाणे शिकाऊ उमेदवारी सल्लागाराला कारखान्यात शिरण्याचा, वह्या पाहण्याचा अधिकार आहे. गेल्या वर्षात असे किती वेळा शिरलात, हा प्रश्न राज्यमंत्र्याने बैठकीत विचारला, तर त्या दिवशी बैठक खरी झाली असे मी म्हणेन.

आता शिकणाऱ्या पोराची स्थिती पाहू. कलम १८ म्हणते, शिकाऊ उमेदवार हा शिकणारा आहे, कामगार नव्हे. मजुरांचे कायदे त्याला लागू नाहीत. तत्त्वतः यात वावगे नाही. शिकणाऱ्याला शिकू द्यावे. पण जेथे शिकवणे नाही आणि काम मात्र पुरेपूर आहे, तेथे हे कलम मालकाची ढाल बनते. माझ्या कचेरीत याच भागातील एक तरुण आला होता. जोडारी व्यवसायाचे आयटीआयचे प्रमाणपत्र त्याच्याजवळ होते. एका कारखान्यात तो शिकाऊ म्हणून लागला. सात महिने त्याने माल उचलला आणि खोकी बांधली. पैसे मिळत ते बांधलेल्या नगांवर. कानस त्याने हातात धरली नाही. मी त्याला कलम १३ दाखविले : विद्यावेतन नगावर देता येत नाही, असे तेथे स्पष्ट लिहिले आहे. मग कराराची प्रत मागितली. करार होता, पण त्याची नोंदणी केलेली नव्हती. आम्ही कलम २० खाली सल्लागाराकडे अर्ज केला, आणि कारखान्याला कळविले की, नोंदलेला करार नाही तर हा तरुण शिकाऊ कसा? आणि शिकाऊ नसेल तर तो कामगार आहे, त्याचे पूर्ण वेतन काढा. सुनावणीच्या आधीच फरकाची रक्कम आली. पण त्याचे सात महिने परत आले नाहीत, आणि जोडारीचे काम तो पुढे दुसरीकडे, पुण्यास जाऊन शिकला.

उमेदवारी संपल्यावर नोकरी मिळते काय? कायद्याने मालकावर तसे बंधन नाही. २०१४ नंतर प्रत्येक मालकाने याविषयी आपले धोरण ठरवावे, एवढेच आहे. १९९५ च्या जानेवारीत उत्तर प्रदेशच्या परिवहन महामंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, इतर गोष्टी सारख्या असतील तर शिकलेल्या उमेदवाराला बाहेरच्यापेक्षा पसंती द्यावी. एस.टी.त उमेदवारी केलेल्या मुलांनी हा निकाल पाठ करून ठेवावा. रेल्वेत खालच्या स्तरावरील भरतीत अशा उमेदवारांसाठी वीस टक्के जागा ठेवल्या गेल्या. ती मर्यादा काढा म्हणून २० मार्च २०१८ रोजी मुंबईत माटुंगा व दादर यांच्या दरम्यान शेकडो मुलांनी गाड्या अडविल्या. महाडच्या सत्याग्रहाचा तो दिवस, योगायोग असेल. त्याच महिन्याच्या अखेरीस लातूरजवळ रेल्वेच्या डबा कारखान्याची पायाभरणी झाली, आणि डिसेंबर २०२० मध्ये तेथे पहिल्या डब्याचा सांगाडा तयार झाला. १९४२ साली बाबासाहेबांनी ज्या प्रकारच्या कारखान्याकडे बोट दाखविले, तो आता आपल्या शेजारच्या जिल्ह्यात उभा आहे. तेथे संधाता व वीजतंत्री यांच्या शिकाऊ जागांपैकी अनुसूचित जातींच्या किती, हे विचारण्यासाठी दिल्लीला जावे लागत नाही.

राज्य सरकारने जुलै २०२४ मध्ये मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजना काढली. बारावी झालेल्यास सहा हजार, आयटीआय किंवा पदविकाधारकास आठ हजार, पदवीधरास दहा हजार. मुदत सहा महिने, पुढे ती अकरा महिन्यांपर्यंत वाढविली. ग्रामपंचायतीत, शाळेत, तहसिलीत आपली कितीतरी मुले बसली. मुदत संपली तेव्हा त्यांनी आझाद मैदान गाठले. या मुलांची कळकळ मला समजते. पण तुम्हां तरुणांना एक भेद सांगून ठेवतो. ही योजना शासन निर्णयाने आली. शासन निर्णय एका कागदाने येतो आणि दुसऱ्या कागदाने जातो. १९६१ चा अधिनियम तसा नाही. तेथे करार आहे, वाद सोडविण्याची जागा आहे, तीस दिवसांत अपील आहे, आणि ३-अ आहे. सरकारच्या मेहेरबानीचे सहा हजार आणि कायद्याच्या हक्काचे सहा हजार, बाजारात दोन्हींची किंमत सारखी असेल. पण एक मागताना हात पसरावा लागतो.

१५ सप्टेंबर २०२४ रोजी महाराष्ट्रातील ४३४ औद्योगिक प्रशिक्षण संस्थांत ‘संविधान मंदिर’ सुरू झाले. उपराष्ट्रपती जगदीप धनखड यांच्या हस्ते मुंबईत त्याचे उद्घाटन झाले. ‘मंदिर’ या शब्दाविषयी माझ्या मनात जे येते ते तुमच्याही मनात आले असेल. तो विषय आज बाजूस ठेवतो. मुलांनी संविधान वाचावे, ही गोष्ट चांगलीच आहे. माझी सूचना एवढीच की, त्याच भिंतीवर कलम ३-अ मराठीतून लिहून लावावे, आणि त्याखाली त्या जिल्ह्यातील कोणत्या आस्थापनेत राखीव शिकाऊ जागा किती व भरल्या किती, हे दर सहा महिन्यांनी लिहावे. याला नव्या कायद्याची गरज नाही, पैशाचीही नाही. खडू पुरेल. आणि राज्यमंत्र्याच्या एका बैठकीत हे होण्यासारखे आहे. त्यासाठी थोरल्या मंत्र्याची परवानगी लागली, तर तीही कोणी नाकारील असे मला वाटत नाही.

इंग्लंडात शिकाऊ उमेदवारी व कौशल्य यांसाठी असाच एक धाकटा मंत्री नेमण्याची रीत आहे. २०२० साली त्या जागेवर जिलियन कीगन या बाई होत्या. त्या स्वतः सोळाव्या वर्षी मोटारींचे भाग बनविणाऱ्या कारखान्यात शिकाऊ म्हणून लागल्या होत्या, आणि पुढे शिक्षणमंत्री झाल्या. तेथील कारभार फार उत्तम आहे, असे माझे म्हणणे नाही. परंतु ज्याने कानस हातात धरली आहे, त्याला खोके बांधणे आणि शिकणे यांतील फरक समजावून सांगावा लागत नाही. आपल्या समाजाच्या वाट्याला मंत्रिमंडळात बहुधा राज्यमंत्रिपदच येते, आणि आपले पुढारी ते घेताना खातेही मागत नाहीत. पुढच्या वेळी कोणी मागणार असेल, तर त्याने हे खाते मागावे.

आता देगलूरपुरते बोलतो. या तालुक्यात तीस माणसे कामावर ठेवणारी खाजगी आस्थापना शोधावी लागते. आपली मुले हैदराबादला जातात, पुण्याला जातात. परंतु आवाक्यातल्या जागा सार्वजनिक आहेत : एस.टी.चे आगार व विभागीय कार्यशाळा, महावितरण, साखर कारखाने. पहिल्या दोन आस्थापना तर सरकारच्याच आहेत. तेथे राज्यमंत्र्याला कारखानदाराची समजूत घालावी लागत नाही, फक्त आढावा घ्यावा लागतो. म्हणून माहितीच्या अधिकाराखाली दोन अर्जांचे मसुदे मी तयार करून आणले आहेत. एक नांदेडच्या मूलभूत प्रशिक्षण केंद्राकडे, दुसरा महावितरणकडे. गेल्या तीन वर्षांत व्यवसायवार शिकाऊ जागा किती, अनुसूचित जातींसाठी राखीव किती, भरल्या किती, न भरल्याबद्दल दंड कोणाला झाला, एवढेच त्यांत विचारले आहे. प्रत्येक अर्जाला दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावावा. उत्तराला तीस दिवस. उत्तर आले की त्याची प्रत आपल्या आमदारांना नेऊन द्यावयाची आणि तारांकित प्रश्न घालावयास सांगावयाचे. देगलूर हा अनुसूचित जातींसाठी राखीव मतदारसंघ आहे. हा प्रश्न त्यांनी नाही घालावयाचा तर कोणी?

ज्यांची मुले किंवा भावंडे जोडारी, वीजतंत्री, तारतंत्री, संधाता यांपैकी कोणत्याही व्यवसायात उत्तीर्ण होऊन घरी बसली आहेत, त्यांनी सभा संपल्यावर थांबावे. प्रमाणपत्राची प्रत आणि जातीचा दाखला बरोबर असावा. दाखल्यात ‘बौद्ध’ या शब्दाबरोबर मूळ अनुसूचित जातीचा उल्लेख आहे की नाही, हे आधी पाहून घ्या. नसेल तर तहसिलीतून दुरुस्त करून घ्यावा लागेल, तो अर्जही माझ्याजवळ आहे.

जयभीम.